शिक्का सरकारचा होता

साताऱ्याच्या कोर्टात, दालनाबाहेर, ती बाई माझ्याच बाकावर बसली होती. लष्करात भरती करून देतो म्हणून एकाच माणसानं आम्हा दोघांच्या मुलांना फसवलं होतं. केस उभी राहिल्यावर त्यानं पैसे परत केले आणि तडजोडीच्या कागदावर आमच्या सह्या घेतल्या. 'साक्षीत काही आठवत नाही म्हणा, केस मिटेल,' असं त्याचा माणूस सांगून गेला होता. मी तेच म्हणणार होतो.

बाई सारखी पदरानं चष्मा पुसायची आणि पिशवीतली खोट्या भरतीपत्राची झेरॉक्स चाचपायची. ते पत्र आलं तेव्हा गावानं तिच्या पोराला गुलाल लावून मिरवलं होतं. छावणीच्या फाटकावरूनच तो परत आला.

"मावशी, सही तुम्हीही केलीत ना?" मी विचारलं.

"केली की. पैसं आमचं हुतं, ते घेतलं. पर भरतीच्या कागदावरचा शिक्का सरकारचा हुता. त्यो माफ करनारी मी कोन?"

तिचा पुकारा झाला. देवळात जाताना काढाव्यात तशा तिनं दाराशी चपला काढल्या. आतून तिचा आवाज स्पष्ट आला, "व्हय साहेब, पैसं मिळालं. आन् ह्यो भरतीचा कागद ह्यानंच माझ्या हातात दिला."

त्या माणसाच्या वकिलांनी तडजोडीचा कागद पुढे केलेला दारातून दिसला. "पैशांचा वाद मिटला असेल, खोट्या शिक्क्याचा खटला चालणार," न्यायाधीश म्हणाले.

बाई ताठ मानेनं बाहेर आली. मग माझं नाव पुकारलं. मीही दाराशी चपला काढल्या. मला सगळं आठवत होतं.