यमू जपानी बोलत नव्हती

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही. बायकोलाही नाही. तुला सांगतोय — पण सुरुवात कुठून करू?

लहानपणी चिंचवडला रविवारी सकाळी टीव्हीवर एक जपानी कार्टून लागायचं. दीपगृहात राहणारी मुलगी आणि तिचं बदक. बोलणं हिंदीत, मला ते धड कळायचं नाही. मग आई आवाज बंद करायची आणि लसूण सोलता सोलता सगळ्यांचं बोलणं स्वतःच मराठीतून म्हणायची. मुलीचं नाव तिने ठेवलं यमू. बदक तर पक्कं कोल्हापुरी! आजही कुठलं जपानी कार्टून दिसलं की मला आईच ऐकू येते.

२०१४ मध्ये ती सहा महिन्यांसाठी आमच्याकडे इथे परदेशात, न्यू लिनला आली. मी हौसेने तेच कार्टून लॅपटॉपवर शोधलं — मूळ जपानी, खाली इंग्रजी सबटायटल्स. आईला दोन्हींतलं ओ की ठो कळेना. तिने पुन्हा आवाज बंद केला आणि सुरू झाली. माझी पाच वर्षांची सई मराठी कळत असूनही इंग्रजीतच उत्तर द्यायची. ती महिन्याभरात विचारायला लागली, "आजी, बदकाला थंडी वाजते?"

आनंद व्हायला हवा होता ना? मला झोंबलं. एकदा मी सबटायटल्स वाचून खरी गोष्ट सांगायला बसलो, तर सई म्हणाली, "नो बाबा, यू आर राँग. आजीला माहितीये." आई हसली. बस्, एवढंच. एवढ्यावरून डोकं फिरलं माझं.

दुसऱ्या दिवशी — हो, सांगतो — मी आईला म्हणालो, शाळेतल्या बाईंनी बजावलंय, सईशी मराठीत बोलायचं नाही, तिचं इंग्रजी मागे पडतंय. साफ खोटं. बाई तर उलट म्हणाल्या होत्या, घरी मराठीच बोला. पण आईसाठी बाईंचा शब्द म्हणजे शेवटचा. "अगं बाई! माझ्यामुळे पोरीचं नुकसान नको रे," म्हणाली.

उरलेले चार महिने ती सईशी 'येस' आणि 'नो' एवढंच बोलली. सई लॅपटॉप घेऊन जवळ आली की उठून भांडी घासायला लागायची. बायकोला मी सांगितलं, आईला इथली थंडी मानवत नाही.

आई परत गेली. दोन वर्षांनी वारली. सईला सांगितलं तेव्हा तिने विचारलं, "वॉज आजी स्टिल अँग्री विथ मी?"

मी म्हणालो, म्हातारी माणसं असतातच तशी विक्षिप्त.