वगळलेलं चौथं प्रकरण

बुद्धभूषणने लंडन पाहिलं नव्हतं. मुंबईसुद्धा दोनदाच, तीही मुलाखतीपुरती. तरी चारशे वर्षांपूर्वी लंडनच्या नाटकघरात रंगमंचाला दारं किती असत, लोक कुठं उभे राहत आणि भर दुपारच्या उन्हात रात्रीचा प्रवेश चाललाय हे त्यांना कसं कळत असे, हे कुणी विचारलं तर चहा गार होईपर्यंत तो सांगत बसायचा. फारसं कुणी विचारत नसे ही गोष्ट वेगळी. तो कोल्हापुरातल्या एका कॉलेजात इंग्रजी शिकवायचा, शिवाजी पेठेत दोन खोल्या भाड्याने घेऊन राहायचा आणि त्या जुन्या इंग्रजी नाटकांच्या प्रयोगांवर पीएच.डी. करायचा. शेजारच्या तालमीतल्या पैलवानांची समजूत होती की सर परदेशी निघालेत. सरांकडे पासपोर्टही नव्हता.

त्या अभ्यासातल्या एका कोड्याने त्याचं डोकं खाल्लं होतं. त्या काळी नटाला अख्खं नाटक वाचायला मिळत नसे. त्याला त्याच्यापुरती नक्कल मिळे. नकलेत फक्त त्याची स्वतःची वाक्यं, आणि प्रत्येक वाक्याआधी समोरच्याचे शेवटचे दोन-तीन शब्द. ते शब्द कानावर पडले की तोंड उघडायचं, एवढंच काम. पण कित्येक ठिकाणी हे शेवटचे शब्द एकाच भाषणात दोन-दोन, तीन-तीनदा येत. मग ऐकणारा नट पहिल्याच वेळी मधे बोलून बसेल, त्याचं काय? बुद्धभूषणच्या हाती आलेल्या पुस्तकांत एक तर ह्यावर काही नव्हतं, नाही तर ती लिहिणाऱ्याची हयगय म्हणून सोडून दिलेली होती. त्याला ते पटत नव्हतं. एवढी नाटकं लिहिणारी माणसं एवढी वेंधळी कशी असतील?

उत्तर मिळालं ते पन्हाळ्याच्या पायथ्याशी, चुलत्यांच्या घराच्या सोप्यात. ही सत्त्याण्णव सालच्या मार्च महिन्यातली गोष्ट. त्याचे चुलते आण्णा पन्हाळ्याला तालुका कचेरीत शिपाई होते आणि चौदा एप्रिलच्या जयंतीला दरवर्षी जलसा बसवायचे. गाणी, बतावणी आणि शेवटी एक वग. वग आण्णाच लिहीत आणि आण्णाच बसवीत. माणूस मायाळू, पण समोरच्याचं वाक्य पुरं ऐकून घेणं त्यांना जन्मात जमलं नाही. तुम्ही ‘आण्णा, मी काय म्हणतो’ म्हणेपर्यंत ते उत्तर देऊन मोकळे.

त्या दिवशी तालीम चालली होती. कचेरीतल्या पाठकोऱ्या कागदांच्या पट्ट्या कापून आण्णांनी प्रत्येकाला त्याच्यापुरतं लिहून दिलं होतं. बुद्धभूषणने एक पट्टी उचलली आणि बघतच राहिला. वाक्याआधी समोरच्याचे शेवटचे दोन शब्द, खाली रेघ मारून.

“अख्खा वग का देत न्हाई, आण्णा?”

“अख्खा दिला की दुसऱ्याचंच पाठ करत्यात. आनि कागद काय झाडाला लागत्यात व्हय?”

मग वगातला विहिरीचा प्रवेश आला. पाटील पाणी नाकारतो आणि ‘मिळणार न्हाय’ हे एका दमात तीनदा म्हणतो. समोर कृष्णात उभा होता, आण्णांच्या कचेरीतला चपराशी. त्याच्या पट्टीवर ‘मिळणार न्हाय’ एवढंच होतं. पाटील पहिल्यांदा म्हणाला आणि कृष्णात बोलू लागला. पाटलाचं भाषण तर अजून उरलेलं. त्याने आवाज चढवला. दुसऱ्यांदा म्हणाला, कृष्णात पुन्हा मधे. पाटील झालेला माणूस मनापासून भडकला, कृष्णातही इरेला पेटला, आणि चहा घेऊन आलेल्या काकू बयाबाई कपबशा हातात धरून तशाच उभ्या राहिल्या.

बुद्धभूषण चुलत्यांना म्हणाला, “तुमच्याकडनं चूक झालीय. शब्द तीनदा आल्यात.”

“चूक कशी? मुद्दाम घातल्यात. मधी तोडलं की मानूस खरंच चिडतो. चिडायला येगळं शिकवाय लागत न्हाई.”

बुद्धभूषण त्या रात्री मुक्कामाला राहिलाच नाही. शेवटची एस.टी. धरून कोल्हापूर गाठलं आणि आठ महिन्यांत चौथं प्रकरण लिहून काढलं. ती हयगय नव्हती, ती युक्ती होती. लिहिणारा नटाच्या नकलेतूनच भांडण बसवत होता. पुरावा म्हणून एकवीस नाटकांतल्या जागा दिल्या, आणि ही रीत पाहायला मिळाली ती आण्णांच्या तालमीत, हेही नावगावासकट लिहिलं. पुढच्या खेपेला आण्णांना सांगितलंही. आण्णा खूश झाले. तेव्हापासून दर भेटीत एकच प्रश्न: “माजं नाव घातलंस न्हवं?”

“घातलंय की.”

गाईड घाटगे सर वाईट माणूस नव्हते. त्यांना फक्त कटकट नको होती. त्यांनी प्रकरण चाळलं, चष्मा काढून पुसला आणि म्हणाले, “इंग्लंडच्या नाटकाला पन्हाळ्याचा पुरावा? परीक्षक हसतील हो. ती एकवीस उदाहरणं ठेवायची तर ठेवा, पण मग हे सुचलं कुठून ते विचारतील. काढा सगळंच.” बुद्धभूषणचं वय छत्तीस होतं. कॉलेजात बढती अडकली होती. आपण बोलतोय ते खरं आहे हे त्याला पक्कं ठाऊक होतं, आणि तरी त्याने प्रकरण काढलं. भांडलासुद्धा नाही. पाचव्याचं चौथं झालं आणि सन दोन हजारमध्ये तो डॉक्टर झाला.

बांधलेला प्रबंध घेऊन तो गावी गेला. आण्णांना इंग्रजी येत नव्हतं. त्यांनी हात धुतले, पुसले आणि म्हणाले, “दाव, कुठाय?” बुद्धभूषणने एक पान उघडलं आणि मधल्या एका ओळीवर बोट ठेवलं. त्या ओळीत रंगमंचाच्या छताला आधार देणाऱ्या खांबांविषयी लिहिलेलं होतं. आण्णांनी ओळीवरून बोट फिरवलं. दुसऱ्या दिवशी पन्हाळ्याला जाऊन त्या पानाची झेरॉक्स काढून आणली आणि काच लावून सोप्यात टांगली. पुढे आठ वर्षं बुद्धभूषण गावी गेला की त्या भिंतीकडे पाठ करून बसायचा. लाज वाटायची आणि बोलवत नसे.

दोन हजार आठच्या जूनमध्ये लायब्ररीत एक नवं इंग्रजी पुस्तक आलं. परदेशातल्या अभ्यासकांचं. त्यात तोच विचार होता: परत परत येणारे शेवटचे शब्द, मधे तुटणारी भाषणं, मुद्दाम केलेली योजना. उदाहरणांतली नऊ तर त्याचीच होती. कुणी चोरलं नव्हतं. चोरायला ते छापलं कुठं होतं? त्याने पुस्तक मिटलं, रजेचा अर्ज टाकला आणि एस.टी. पकडली.

आण्णा सोप्यात बसले होते. एकोणसत्तर वर्षांचे, कान अजून शाबूत. बुद्धभूषण उभ्याउभ्याच बोलू लागला. प्रकरण काढलं ते सांगितलं, खांबांची ओळ सांगितली, नवं पुस्तक सांगितलं. मधे मधे तो थांबत होता. आण्णा नेहमीसारखं तोडतील, शिव्या देतील आणि आपण सुटू, असं त्याला वाटत होतं. आण्णांनी तोडलं नाही. जन्मात पहिल्यांदा त्यांनी कुणाचं तरी बोलणं शेवटपर्यंत ऐकून घेतलं.

मग म्हणाले, “अक्षतानं ते पान वाचून दावलंय मला. दोन वर्सं झाली.” अक्षता त्यांची नात, कोल्हापूरला बी.ए.ला होती.

“मग बोलला न्हाई?”

“तू कवा बोलतुयास ते बघत हुतो.” मग त्यांनीच विचारलं, “त्या पुस्तकवाल्यांस्नी कुनी सांगितलं हे?”

“कुनी न्हाई. त्यांनीच शोधलं.”

“म्हंजे मी तुला खरं सांगितलंतं.”

“व्हय.”

“आनि तुलाबी ते ठावं हुतं.”

“व्हय.”

आण्णांचा चेहरा समाधानी होता. आपलं बरोबर निघालं, एवढंच त्यांना हवं होतं आणि ते आज मिळालं होतं. त्यांनी काचेतल्या पानाकडे पाहिलं, मग पुतण्याकडे, आणि अगदी साध्या आवाजात विचारलं, “मग काढलंस कशापायी?”

बुद्धभूषण त्या भिंतीकडे तोंड करून खाली बसला. आण्णा वाट बघत राहिले, आणि मधे बोलायला तेवढ्यात दुसरं कुणी आलंही नाही.