तिथीने एकवीस, कार्डावर वीस

मंडळी, आत्ताच इथल्या, आखातातल्या तुबली भागातून घरी आले. अजून चहासुद्धा टाकला नाही, आधी हे लिहितेय.

आमच्या सईचा आज तिथीने वाढदिवस, एकवीस पूर्ण! सकाळी औक्षण केलं आणि आम्ही दोघी थेट एअर रायफल घ्यायला गेलो. दुकान परवान्याचं, तिथे एकवीस पूर्ण झाल्याशिवाय विक्री नाही. दोन वर्षं ती क्लबच्या जुन्या रायफलवर सराव करतेय, याच दिवसाची वाट बघत.

काउंटरवरच्या भाईने तिचं ओळखपत्राचं कार्ड पाहिलं, त्यावरची जन्मतारीख पाहिली. "मॅडम, अभी नौ दिन बाकी है."

मी त्याला हिंदीत तिथी समजावली, पंचांग समजावलं. तो बिचारा नुसता हसत होता. शेवटी म्हणाला, "आप अपने कार्ड पे ले लो. खलास."

मी पर्समधून कार्ड काढलंसुद्धा! सईने माझ्या हातावर हात ठेवला.

"नो, आई. रायफल माझी, तर नाव पण माझंच पाहिजे. रेंजवर कमांड आल्याशिवाय आम्ही ट्रिगरला बोट लावत नाही. नऊ दिवस थांबू ना."

भाई खुर्चीतून उठला आणि "सॉरी, सिस्टर" म्हणाला. तिला. माझ्याकडे त्याने पाहिलंही नाही.

रिकाम्या हातांनी परतलो, पण माझा ऊर भरून आला होता. सकाळी ओवाळलं ते तिथी होती म्हणून. आता पुन्हा ओवाळणार आहे, ते ती अशी आहे म्हणून.

खरं सांगा, तुम्ही कार्ड काढलं नसतं?