बर्फाच्या कारखान्यातली आई

मोक सिउ-हुंग मारामारीचे सिनेमे लिहायचे. आम्ही त्यांना मोक मास्तर म्हणायचो. ते ज्या सिनेमा कंपनीत होते, तिथंच मी कपडेपट सांभाळायची. काउलूनमध्ये तेव्हा आमच्यासारख्या फाटक्या कंपन्या पुष्कळ होत्या. सिनेमा बारा दिवसांत उरकायचा, आणि पटकथा बहुतेकदा सेटवरच पुरी व्हायची.

एकदा बर्फाच्या बंद कारखान्यात शूटिंग होतं. तिसऱ्याच दिवशी हिरोनं छपरावरून उडी मारली आणि त्याचा घोटा मोडला. दिग्दर्शक केउंग डोकं धरून बसला. सिनेमा बंद करायचं त्याच्या ओठांवर आलं होतं. मास्तरांनी त्याच्याकडे दोन तास आणि किटलीभर चहा मागितला.

हिरोच्या आईचं काम सम मावशीकडे होतं. वय अठ्ठावन्न. काम एवढंच, की मुलाला सूप वाढायचं आणि रडायचं. पण तरुणपणी तिनं संगीत नाटकात लढवय्या बायकांच्या भूमिका केल्या होत्या. आपला शॉट येईपर्यंत ती भिंतीला पाय लावून व्यायाम करत असे. मास्तरांनी ते पाहून ठेवलं होतं. ते तिच्यापाशी गेले.

"मावशी, पाय अजून खांद्यापर्यंत जातो?"

"जातो की. खाली यायला तेवढा वेळ लागतो."

मास्तर हसले आणि लिहायला बसले. गुंडांनी मुलाचा पाय मोडलाय आणि आई जाब विचारायला निघालीय, अशी नवी गोष्ट झाली. मावशीला दम लागायचा, म्हणून दर चार फटक्यांनंतर त्यांनी तिला गुंडांची आईबापासकट हजेरी घ्यायला लावली. तेवढ्यात तिचा श्वास जागेवर यायचा.

शाम शुई पो वस्तीतल्या थिएटरात मी मावशीशेजारी बसून तो सिनेमा पाहिला. फटक्यांपेक्षा तिच्या शिव्यांनाच जास्त टाळ्या पडल्या. मावशी मात्र शेवटपर्यंत माझा हात घट्ट धरून होती.

त्यानंतर एका मोठ्या कंपनीनं मास्तरांना पगारावर नेलं. तिथं गार हवेची खोली होती, पाच लेखक होते आणि एका पटकथेला आठ महिने लागायचे. मास्तरांना तिथं करमेना. वर्षभरात ते राजीनामा देऊन परत आले. मी कपड्यांना इस्त्री करत होते, तेव्हा ते दारात उभे राहिले. केउंगनं कागदातून मानही वर केली नाही.

"आलास? बरं झालं. उद्याच्या सीनला वाघ सांगितला होता, तो काही मिळाला नाही. बोकड आहे."

"शिंगं आहेत ना?" मास्तरांनी खुर्ची ओढत विचारलं.

पुढची एकोणीस वर्षं ते आमच्याकडेच लिहीत राहिले. एकूण त्रेचाळीस सिनेमे झाले. आता नातीला शाळेत सोडलं की ते चहाच्या दुकानात येतात, आणि मी गेले की शेजारची खुर्ची रिकामी करून देतात. मोठ्या कंपनीतल्या वर्षाबद्दल कुणी विचारलं, तर तिथला चहा फार चांगला होता म्हणतात.