पाठमोऱ्या बाईचे नाव

पुण्याहून पहाटेच्या एसटीने निघालो तेव्हा लेख छापून झाला होता. हेल्गा ट्राउन ही महायुद्धानंतरच्या जर्मन चित्रपटांतली दुय्यम अभिनेत्री. घरमालकीण, परिचारिका, नायिकेची मैत्रीण; बहुतेक वेळ कुणाच्या तरी मागे उभी. भारतात चित्रित झालेल्या एका चित्रपटात ती दासी झाली. डोक्यावर घागर घेऊन, हात न लावता, ती पाठमोरी दौलताबाद किल्ल्याच्या पायऱ्या चढते. तिच्या कारकिर्दीतले हे सर्वोत्तम दृश्य, असे मी लिहिले होते. त्या पायऱ्या बघायच्या होत्या.

छत्रपती संभाजीनगरला दुपारी उतरलो. शहागंजात नान-खलिया (मोठी रोटी आणि मटणाचा झणझणीत रस्सा) खाताना जीभ पोळली. मग रिक्षाने दौलताबाद. पायथ्याशी पेरू विकणाऱ्या बाईला मोबाइलवरचे दृश्य दाखवून जागा विचारली.

"पायऱ्या गडावरल्याच हायेत," ती म्हणाली. "पण ही पडेगावच्या कौसाबाईची माय तर नाय? कौसाबाई सांगती, माय गोऱ्यांच्या सिनेमात व्हती. आमी म्हणायचो, म्हातारे, लई फेकू नको."

किल्ला न चढताच रिक्षा वळवली.

पडेगावात कौसाबाईंच्या सुनेने, सुजाताने, "जय भीम" म्हणत आत बोलावले. भिंतीवर बुद्ध आणि बाबासाहेब होते. सासूच्या आईचा एकही फोटो घरात नाही, असे ती म्हणाली. मी लॅपटॉप उघडून कौसाबाईंसमोर ते दृश्य लावले.

"डावा पाय बाहेर टाकती," कौसाबाई म्हणाल्या. "मायच."

"आत्याबाई, तुमीबी तशाच चालता," सुजाता म्हणाली.

पुढच्याच क्षणी पडद्यावर हेल्गाचा चेहरा आला. एका हाताने घागर घट्ट धरलेली.

"चुंबळ (डोक्यावर ठेवायची कापडाची गुंडाळी) नाय. आशी घागर टिकंल व्हय?" कौसाबाई म्हणाल्या.

मागून दिसणाऱ्या बाईच्या डोक्यावर चुंबळ होती. कितीदा पाहूनही हे मला दिसले नव्हते.

"गोऱ्या बाईच्या हातून दोनदा घागर पडली. मंग मायला तिचं लुगडं नेसवलं. मागं वळायचं नाय, आसं बजावलं व्हतं. मी खाली बसून बघत व्हते."

त्यांनी दृश्य चार वेळा लावायला सांगितले. चौथ्यांदा त्या पडद्याच्या कडेशी झुकल्या, बाजूने चेहरा दिसतो का ते बघायला.

"पेपरात लिवाल? लोक खोटं म्हणत्यात मला."

"लिहीन. त्या दृश्यावरून हेल्गाचे नाव काढतो."

"तिला कोण हाये?"

मूलबाळ नव्हते, मी सांगितले; शेवटच्या भूमिकांत तर एक वाक्यही नव्हते.

"मंग ऱ्हाऊ द्या तिचं. मायचं बी लिवा. बायजाबाई."

पुण्यात पोचल्यावर दुरुस्ती पाठवली: चेहरा हेल्गा ट्राउनचा, चाल पडेगावच्या बायजाबाईंची. कायम मागे उभ्या राहिलेल्या अभिनेत्रीवर मी लिहिले, पण तिच्या मागे कोण आहे, हे विचारले नव्हते. दुरुस्ती चार ओळींची आली, आतल्या पानावर. सुजाताने फोनवर सांगितले, कौसाबाईंनी कात्रण भिंतीवर लावले आहे.