फंडातली तुळशी

कळसाडीची मंगला लग्न होऊन नंदुरबारला आली आणि पहिल्याच दिवशी नवऱ्याने तिचं नाव रेल्वेच्या सोयीने बदललं. नवरा दोधू, स्टेशनातला सांधेवाला. गाडीचे रूळ बदलण्यात आयुष्य गेलं, म्हणून असेल, दुसरं काही बदलायचं म्हटलं की तो अंग चोरायचा. पहिल्या बायकोचं नाव त्याने तुळशी ठेवलं होतं. दोन वर्षांत बिनसलं, पंचांपुढे काडी मोडली, ती पाट लावून धानोऱ्याच्या रायसिंगकडे नांदायला गेली. पगारातून साठणाऱ्या रेल्वेच्या फंडाच्या कागदावर मात्र वारस म्हणून 'बायको तुळशीबाई' तशीच राहिली. खोडायची तर सुरतेच्या कचेरीत दोन खेपा! त्यापेक्षा नव्या बायकोलाच तुळशी केलं नि मोकळा झाला.

"मन्हं नाव मंगला शे," ती रडत म्हणाली.

"घरमा मंगला ऱ्हाय, फंडमा तुळशी ऱ्हाय. तुले काय खर्च पडस?"

ही हुशारी तो तेवीस वर्षं पारावर मांडी थोपटून सांगायचा. "बायको बदली गई, कागद तसाच!"

सन अडतीसला, नोकरीचे दोन महिने उरले असताना, दोधू तापाने गेला. रेल्वेची खोली महिन्यात सोडायची. मंगलाबाईला ना शेत, ना मूल. जो काय तो फंड.

चौकशीला सुरतेहून फंडाचा कारकून आला. चष्मा नाकाच्या शेंड्यावर, आणि प्रत्येक वाक्याच्या तोंडाला 'म्हणजे असं की'. त्याने पुकारा केला, "तुळशीबाई, मयत दोधूची बायको!"

दोन बाया उभ्या राहिल्या.

रायसिंग आपल्या बायकोला गाडी जुंपून घेऊन आला होता. बाजारात बैल दाखवावा तसा तिला पुढे करत म्हणाला, "हाई असली तुळशी शे, साहेब!"

कारकुनाने मंगलाबाईकडे बोट दाखवलं. "म्हणजे असं की, कागद सन बाराचा. या बाईंचं लग्न सन पंधराचं. तेव्हा कागदावरच्या तुळशीबाई या दुसऱ्या."

मंगलाबाई मटकन खाली बसली. "तेवीस वरीस भाकरी मी थापी, नि तुळशी हाई?"

रायसिंगने मिशीवर हात फिरवला. कारकून मोठ्याने वाचत लिहू लागला, "लिहून देते की, मी मयताची बायको असून, तो मयत होईतो त्याच्याच लग्नाची—"

"थांबा थांबा! मंग हाई मन्ही कोन?" रायसिंग ओरडला.

"म्हणजे असं की, काडीमोड झाली नसेल तर तुमचा पाट नाही. झाली असेल तर फंड नाही."

रायसिंगने पागोटं काढून डोकं खाजवलं. "दोन्ही जमाव नही का, साहेब?"

त्याची बायको खुदकन हसली. "मन्हा चार पोरेस्ना बाप कोन लिखशात? लिखा साहेब, काडी मोडेल शे. धानोरामा मन्हं नाव सरला शे. तुळशी ती दखा, खाले बठेल!"

रायसिंग बैल सोडायच्या निमित्ताने बाहेर गेला.

"म्हणजे असं की, मयताची बायको तुळशी आता एकच उरली. तुळशीबाई, डावा अंगठा," कारकून मंगलाबाईला म्हणाला. तेवीस वर्षांत त्या नावाला कधी ओ न दिलेली मंगलाबाई चटकन "जी" म्हणाली. अंगठा पदराला पुसत तिने हात जोडले. "आते तुळशीले तुमना दप्तरमा ठेवा. मी मंगला घर जास."

"अहो, छे छे! म्हणजे असं की, पैसे यायला सहा महिने. तोवर तुळशीच राहा."

ते सहा महिने ती कळसाडीला भावाकडे होती. दारात कुणी आलं नि नाव विचारलं, की ती आधी विचारायची, "फंडना का?" मगच नाव सांगायची.