ग्रहणातली सुई

माझ्या हातून झालेला सगळ्यात मोठा मूर्खपणा म्हणजे नातीच्या बारशाला मी भरल्या घरात सुनेला बोल लावला. नातीच्या डाव्या हाताची मधली दोन बोटं एकमेकांना चिकटलेली होती. पाळण्याभोवतीच्या बायकांना ती दिसली आणि कुणी काही विचारायच्या आत मीच बोलले, "पोटुशी असताना ग्रहणात शिवत बसलीती. घ्या, बोटंबी शिवून आली!"

नव्वदच्या दशकातली गोष्ट. तेव्हाची मी म्हणजे गळ्यात बोरमाळ, नाकात नथ आणि डोक्यात भुसा. दुसऱ्याच दिवशी सुनेचं शिलाई मशीन चादरीत गुंडाळून मी माळ्यावर टाकलं. ग्रहणात ती बाळाचं टोपडंच शिवत होती. ते टोपडं पोरीच्या डोक्यावर कधी चढलं नाही.

दीड वर्षानं आम्ही दोघी नातीला घेऊन राजारामपुरीतल्या डॉक्टरीणबाईंकडे गेलो. बोटं सुटी करता येतील, असं त्या म्हणाल्या. सुनेनं खाली मान घालून विचारलं, "माझ्या शिवण्यानं झालं का हो हे?"

माझं एक वाक्य ती दीड वर्ष उराशी घेऊन फिरत होती.

बाईंनी पेन खाली ठेवलं. म्हणाल्या, "पोटात बाळाचा हात आधी वल्ह्यासारखा सपाट असतो. मग बोटांमधल्या पेशी ठरल्या वेळी आपणहून मरतात, तेव्हा बोटं सुटी होतात. त्याला अपॉप्टोसिस म्हणतात. शब्द मूळचा ग्रीक. अर्थ काय, तर झाडाची पानं गळून पडणं. हिच्या या दोन बोटांमधली पानं गळायची राहिली. तुमचा दोष नाही."

माझं माहेर शिरोळकडचं. उसाचा पाला काढण्यात माझी अर्धी हयात गेलेली. खालचं पान वाळलं, सुटलं, की ऊस वर चढतो, हे मला कुणी शिकवायला नको होतं. पण मरणसुद्धा काही घडवतं, बाळाचा हात घडवतं, हे त्या खुर्चीत बसून पहिल्यांदा कळलं.

"हे कितव्या महिन्यात होतं?" मी विचारलं.

"तिसरा भरायच्या आत."

मी पदराखाली बोटांवर मोजलं. ग्रहण लागलं तेव्हा सुनेला सातवा होता. हा हिशेब मला बारशाआधीही येत होता. मांडायचं सुचलं नाही, इतकंच.

नातीची बोटं पुढं त्या बाईंनीच सुटी केली, आणि तीही सुई हातात घेऊनच.

पण त्या दिवशी घरी आल्या आल्या मी माळ्यावर चढले. मशीन उतरवलं, पुसलं, तेल घातलं आणि सुनेपुढं ठेवलं. "चुकलं माझं," म्हणाले. स्वयंपाकघरात आम्ही दोघीच होतो.

तिनं मशीनवरून हात फिरवला. मग माझ्याकडं सरळ बघत म्हणाली,

"आत्ती, मशीन ऱ्हाऊ द्या हितंच. पर बोललासा ते सगळ्या बायकांम्होरं, आन् चुकलं म्हणतासा ते चुलीम्होरं. त्यास्नी समद्यास्नी परत बोलवा की. च्या मी करतो."